बूथमधला फोन

दुबईतल्या जुमेरा लेक टॉवर्समधल्या आमच्या ऑफिसात सिनेमाच्या आवाजाचं आणि संगीताचं काम चालतं. शेड्यूल मी सांभाळते. एका सिनेमाच्या पार्श्वसंगीतासाठी हनोईहून एक संगीतकार बाई आली होती. चाळिशीची, बारीक अंगाची. इतकी हळू बोलायची की मीटिंगमध्ये लोक तिचं वाक्य अर्ध्यातच तोडत. पियानोसमोर बसली की मात्र सगळे गप्प.

सिनेमा दुबईत घरकाम करणाऱ्या मुलीचा होता. शेवटी तिची आई तिकडे गावी मरते. त्या सीनसाठी बाईने केलेली एकही चाल दिग्दर्शकाला पटेना. तो आमच्या पुण्याचाच. "रडू येत नाही गं," मला म्हणायचा.

त्याच सुमारास तिची स्वतःची आई हॉस्पिटलात गेली. तिने सुट्टी मागितली.

"आधी मिक्स खलास होऊ दे," तो म्हणाला. "तोवर होईल बरी, इन्शाल्ला."

एका दुपारी रेकॉर्डिंग चालू असताना तिच्या भावाचा फोन आला. ती काचेपलीकडे बूथमध्येच होती. भावाने फोन आईच्या कानाला लावला असावा, कारण ती बोलायची थांबली आणि गुणगुणायला लागली. लेकराला झोपवताना गुणगुणतात तसं. सूर मधेच फाटत होता. आमच्या बाजूला इंजिनिअरने माइक बंद करायला हात पुढे केला. दिग्दर्शकाने त्याचं मनगट धरलं.

"सर, तिची आई जातेय," मी म्हटलं.

"म्हणूनच तर."

आई संध्याकाळी गेली. हिने अंत्यविधी फोनवर पाहिला आणि सकाळी कामावर आली.

सगळे आवाज चित्रावर बसवून झालेला मिक्स दाखवला तेव्हा तिने ते ऐकलं. पडद्यावर नटी आईचा फोटो छातीशी धरून बसलेली, आणि त्यावर हिचा फाटका आवाज. ती ताडकन उठली.

"हे काढा." एवढ्या मोठ्याने तिला बोलताना मी पहिल्यांदाच ऐकलं.

"इथे रेकॉर्ड झालेलं सगळं फिल्मचं. कॉन्ट्रॅक्टवर तुझी सही आहे," तो इंग्रजीत म्हणाला. "आणि वाईट काय त्यात? आई अमर झाली तुझी."

मी कंपनीच्या मालकाकडे गेले. त्याने तो सीन पाहिला, डोळे पुसले आणि म्हणाला, "राहू दे."

प्रीमियरला थिएटरभर हुंदके. नंतर बायका तिच्याभोवती जमल्या. शेवटी गाणारी गायिका कोण, सगळ्यांना तेच विचारायचं होतं.

"माहीत नाही," ती म्हणाली.

तिला एअरपोर्टवर सोडायला मीच गेले.  गाडीत ती म्हणाली, "काल फोनवर भाचीला झोपवायला तेच गाणं म्हणायला गेले. आई डोळ्यांपुढे येईना. ती नटीच येते."

हल्ली ती सिनेमाचं काम घेत नाही, हनोईत मुलांना पियानो शिकवते. दिग्दर्शकाने पुढच्या सिनेमासाठी माझ्याकडे तिचा नंबर मागितला. मी दिला नाही.

"बरं, मग तशीच दुसरी कोणी शोध," तो म्हणाला आणि कॉफी आणायला गेला.