कुंपणापलीकडची गाणी

सरिताला शेजारणीचा हेवा वाटायचा. तो घराचा किंवा गाडीचा असता तर तिनं मनाला समजावलंही असतं. हेवा होता गाण्यांचा.

शेजारीण सिट्लाली मेक्सिकोतली, नाहुआ समाजाची. लॉकडाऊनमध्ये परदेशातलं त्यांचं अख्खं उपनगर, केलीव्हिल, पाव भाजत बसलं होतं, तेव्हा ही बाई दर शनिवारी मागच्या अंगणात बसून गावाकडच्या आत्याकडून फोनवर मक्याची गाणी शिकायची. गावातली तरुण मंडळी शहरात गेली आणि सगळी गाणी येणारी आत्या एकटीच उरली. पेरणीआधी कणसांना झबलं-टोपडं घालायचं, लेकरासारखं मांडीवर घ्यायचं आणि त्यांच्यासाठी गायचं, अशी त्यांची रीत.

सरिताची लेक उर्वी कुंपणाला नाक लावून सगळं शिकली. मराठीत हाक मारली की "व्हॉट, मम्मा?" म्हणणारी पोरगी सिट्लालीच्या भाषेतलं गाणं घोळवून म्हणायची. सरिताच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. त्यात एका शनिवारी उर्वीनं आजीच्या खणाचं झबलं करून कणसाला घातलं. आजी, म्हणजे सरिताची आई, मे महिन्यात पुण्यात कोविडनं गेली होती. सीमा बंद, सरिताला जाता आलं नव्हतं. तो खण तेवढा तिच्याजवळ होता.

ती तरातरा कुंपणाशी गेली. "सिट्लाली, उर्वीला स्कूलवर्क असतं. प्लीज, तिला आता काही शिकवू नकोस."

"नो वरीज," सिट्लाली म्हणाली. "पण आत्या म्हणते, गाणं घेतलं तर एक द्यावं. उर्वीनं मला तुझं दिलंय."

आणि ती गायली. उच्चार वाकडे, पण गाणं आईचंच, भोंडल्याचं, सासुरवाशीण माहेरी निघते ते. सरिता भांडी घासताना गुणगुणायची. पोरीनं ते ऐकलं, आणि मला सोडून हिला म्हणून दाखवलं? हेवा शमायचा सोडून आणखीच भडकला.

गाण्यातली सासुरवाशीण नदीपाशी येते, तिथं सिट्लाली थांबली. "उर्वी म्हणते, मम्मा रोज इथेच थांबते. पुढे काय होतं?"

सरिता पुढची ओळ आठवू लागली. आईशी रोज व्हिडिओ कॉल व्हायचा. ऑक्सिमीटर, लस, वाणसामान, सगळं बोलून व्हायचं. पुढचं कडवं विचारायचं तेवढं राहून गेलं.

"मम्मा," उर्वी म्हणाली, "ती माहेरी पोचते का?"

चक्क मराठीत विचारलं होतं पोरीनं.

"मला माहीत नाही गं."

पलीकडे सिट्लालीचा फोन वाजला. आत्याचा होता. "घे," सरिता म्हणाली, "तिची सगळी कडवी विचारून घे."