रपट्याचा कागद

रूपसिंग म्हणायला ठेकेदार. त्याचं ऑफिस म्हणजे सायकलच्या कॅरिअरला बांधलेली पिशवी. बोरी अरबजवळच्या बंजारा तांड्यात राहायचा. शेजारच्या गावच्या ग्रामपंचायतीसाठी त्यानं नाल्यावर रपटा, म्हणजे पुराचं पाणी वरून जाणारा बुटका पूल, बांधला आणि २१ एप्रिल २००३ ला काम पुरं केलं. कापसानं त्या साली सगळ्यांचेच हात रिकामे ठेवले होते, म्हणून तांड्यातली बारा माणसं मजुरी उधार ठेवून कामावर आली. गवंडी लखीराम म्हणाला, "बिल निघालं का मजुरी दे."

बिल काही निघेना. ग्रामसेवक तोंडाचा फार गोड. चहा पाजायचा, "होऊन जाईल रूपसिंगभाऊ" म्हणायचा आणि त्याच रपट्यावरून फटफटी उडवत घरी जायचा. तांड्यात प्रमुखासमोर, नायकासमोर, शब्द दिला की झालं. कागद मागणं म्हणजे समोरच्याला खोटं ठरवणं. रूपसिंगनं कधी कागद मागितला नाही. इकडे लखीरामचं घर चुकवायला मात्र तो अख्ख्या तांड्याला वळसा घालायचा.

२००६ च्या मार्चात बायको रुपीबाईनं त्याला ओढतच दारव्ह्याला नेलं, साधनाताई वकिलांकडे.

"एकवीस एप्रिलला तीन वर्षं भरतात," ताई म्हणाल्या. "त्याच्या आत दावा टाकला नाही, तर कोर्ट ऐकणार नाही."

"फी किती लागते जी?"

ताईंनी आकडा सांगितला. रुपीबाईनं पदर तोंडाला लावला. विकलेल्या कापसाचा चुकारा अजून हातात पडला नव्हता, फी कुठून आणायची?

"मग बिल बाकी आहे असं ग्रामपंचायतीकडून सहीनिशी लिहून आणा. मुदतीच्या आत मिळालं, तर तीन वर्षं नव्यानं मोजतात."

"तो कायले लिहून देते?" रुपीबाई म्हणाली. "तो चहा देते!"

ताई हसल्या. माहितीच्या अधिकाराचा कायदा नुकताच आला होता. त्यांनी अर्ज लिहिला, दहा रुपयांचं तिकीट लावलं. प्रश्न एकच: रपट्याचं किती बिल बाकी आहे आणि का? उत्तराला तीस दिवस. अर्जाची पोच मिळाली २१ मार्चची, म्हणजे तीस दिवस भरत होते २० एप्रिलला. दाव्याची मुदत संपायला त्यानंतर एकच दिवस.

वीस तारखेला रूपसिंग सकाळपासून ग्रामपंचायतीच्या पायरीवर बसला.

"काहून उन्हात बसला भाऊ? चहा घे," ग्रामसेवक म्हणाला.

"चहा नोको. उत्तर द्या."

"तोंडी सांगतो ना. दोन लाख चाळीस हजार बाकी हाय, निधी नाई."

"तेच लिवा."

"सोमवारी देतो."

आज गुरुवार, सोमवारी तो कागद चूल पेटवायच्या कामाचा. ताईंनी पढवलेलं रूपसिंगनं म्हणून टाकलं, "आज नाई देलं तं उद्यापासून रोजचे अडीचशे दंड, साहेब. तुमच्या पगारातून."

ग्रामसेवकाचा कप ओठापाशीच थांबला. दोन लाख चाळीस हजारांनी ज्याची झोप मोडली नव्हती, त्याला अडीचशे रुपयांनी घाम फोडला. तरी आधी कपाटाची चावी सापडेना. मग शिक्क्याची शाई वाळलेली निघाली. रूपसिंगनं बाटलीतलं पाणी तिच्यावर शिंपडलं आणि तिथंच उभा राहिला. पाच वाजता सही झाली.

दुसऱ्या दिवशी ताईंनी कागद उजेडात धरला. "दावा जगला. आता तीन वर्षांत फी जमवा."

त्या दिवशी रूपसिंगनं वळसा घातला नाही. सरळ लखीरामच्या ओट्यावर जाऊन कागद दाखवला.

लखीरामनं तो दोनदा वाचला. "म्हंजे हे लिहून भेटलं म्हणून तुहे पैशे बुडत नाई?"

"नाई."

"मंग भाऊ, माह्या मजुरीलेबी आजच तीन वर्सं भरून राह्यले. मलेबी लिहून दे."

रूपसिंगचं तोंड उतरलं. खोटं म्हणते काय मले, असं ओठावर आलं. पण कालची पायरी आठवली. त्यानं पिशवीतून पेन काढला, अकरा हजार बाकी असल्याचं लिहिलं, सही केली.

लखीरामनं कागद उलटसुलट पाहिला. "शिक्का?"

"माह्याजवळ कुठचा शिक्का?"

"मंग वहिनीची सही आन. तिचा जास्त भरोसा हाय."

रूपसिंग मुकाट्यानं रुपीबाईला बोलवायला गेला.