बसणारा शब्द

छापखान्यातली नोकरी सुटली तरी नखांतली शाई जात नाही. रेवणप्पाशास्त्र्यांच्या आठवणींचं तसंच आहे. एक सांगायला बसलं की चार निघतात!

शुक्रवार पेठेत आमचा छापखाना आणि मी तिथला कंपोझिटर, शिशाचे खिळे जुळवणारा. शास्त्रीबुवांनी उभा जन्म एका पोथीला वाहिला होता. कुणा अनाम शिवभक्ताच्या जुन्या मराठी ओव्या, पण लिहिलेल्या कानडी लिपीत. त्या बाळबोध लिपीत आणून, अर्थ लावून ते आमच्याकडे छापून घेत होते. त्यांच्या डोळ्यांवर पडदा चढत चालला होता. पोथी आधी संपते की डोळे, याचीच आम्हा सगळ्यांना धाकधूक.

*

पोथी सापडली दुधनीच्या एका कानडी व्यापाऱ्याच्या देवघरात. रोज विभूती, रोज फूल, पण उघडली कधी कुणीच नव्हती. शास्त्रीबुवांनी मागितली तेव्हा मालक म्हणाले, देव कुणी उसना देतं का?

नका देऊ, मी इथंच पूजा करतो, असं म्हणून हे तिथंच बसले. रोज एक पान उघडायचं, फूल वाहायचं, मोठ्यानं वाचायचं आणि उतरून घ्यायचं. पाच महिने ही पूजा चालली!

पहिल्या दिवशी ऐकून घरच्या मालकीणबाई चकित झाल्या. "आमचा देव मराठी बोलतो व्हय?"

*

प्रूफ ते शेवटच्या शब्दापासून उलटं वाचायचे. मला वाटलं, काहीतरी व्रत असेल.

"सरळ वाचलं की अर्थ लागतो," ते म्हणाले. "अर्थ लागला की चूक दिसत न्हाय."

मी एक लग्नपत्रिका तशी वाचून पाहिली. नवरीचंच नाव चुकलेलं निघालं! पत्रिका वाटून झाल्या होत्या, म्हणून छापखान्याचे मालक आठवडाभर माझ्याशी बोलले नाहीत.

*

एका सभेत बाहेरगावचे एक प्राध्यापक शास्त्रीबुवांच्या जुन्या लेखाचा आधार घेऊन तासभर बोलले. शेवटी हे मागच्या रांगेतून उठले आणि तो लेख साफ चुकीचा आहे म्हणाले. प्राध्यापक तापले. असं सांगणारे तुम्ही कोण?

"ज्यानं लिवला तोच की."

*

शेवटच्या सोळा पानांच्या फर्म्याला डोळे गेलेच. मग मी प्रूफ मोठ्यानं वाचायचो आणि ते ऐकून दुरुस्त्या सांगायचे. त्यांचा आवाज मात्र होता तसाच होता.

शेवटच्या ओवीतला एक शब्द किड्यानं खाल्ला होता. तिथं कोरी जागा सोड, असं त्यांनी बजावलं होतं. पण दोन वर्षं त्या ओव्यांचे खिळे जुळवून तो कवी माझ्या जिभेवर बसला होता. ‘तुज पाहतां मी’ आणि पुढं भोक. मी गुपचूप ‘हरपलों’ जुळवलं.

वाचताना ते ऐकून शास्त्रीबुवांनी हात वर केला. मी कबुली दिली.

"पण बसतोय की, शास्त्रीबुवा. यमकबी जुळतंय."

त्यांनी ती ओवी मला पुन्हा वाचायला लावली. मग म्हणाले, "बारा वर्सांमागं मलाबी हाच सुचला होता."

एवढा मोठा माणूस आणि मी, दोघांना एकच शब्द! मी विचारलं, मग राहू द्यायचा का?

"काढ, त्यो कवीचा न्हाय," ते म्हणाले. "न बसणारा शब्द कुणीबी काढतंय."