चीवराचा रंग

आमचे अण्णा रंगारी. हात कोपरापर्यंत कायम पिवळट तपकिरी. विहारातल्या भिक्खूंची चीवरं ते झाडाच्या सालींच्या काढ्यात रंगवायचे आणि उरलेला रंग दुसऱ्या कुठल्याही कापडाला न लावता ओतून द्यायचे. "नवऱ्याच्या हाताला चालतो, दुसऱ्या कापडाला नाही," असं आई म्हणायची.

देश स्वतंत्र होऊन चारेक वर्षं झाली होती. पहिली निवडणूक तोंडावर आली होती. ताईचे यजमान, आमचे भाऊजी, एका पक्षाचं काम करायचे. ते झेंड्यांसाठी कापडाचा तागा घेऊन आले.

"मामा, याच काढ्यात बुडवा. लोकांना वाटेल, विहार आपल्या बाजूनं आहे."

"विहार कुणाच्याच बाजूनं नाही," अण्णा म्हणाले. "तिथं सगळेच चपला काढून आत येतात. हा रंग तुमच्या काठीवर दिसला, की निम्मं गाव येणार नाही."

भाऊजींना नाही ऐकायची सवय नव्हती. "मग तुमची मुलगीही या घरी येणार नाही," म्हणाले आणि तागा उचलून गेले. ताईला सातवा महिना होता आणि बाळंतपणाला ती आमच्याकडेच यायची होती.

मला अण्णांचा भयंकर राग आला. चार झेंडे बुडवले असते तर काय धर्म बुडाला असता? आई तर आठवडाभर बोलली नाही. जेवायला वाढायची, तेही ताट आदळून. अण्णा मुकाट्यानं जेवायचे आणि उठून काढा ढवळायला जायचे.

निवडणुकीत भाऊजींचा पक्ष आपटला. जिंकलेल्यांचे पुढारी हार घेऊन अंगणात हजर. "सख्ख्या जावयाला जुमानलं नाहीत, म्हणजे तुम्ही आमचेच. मिरवणुकीचे झेंडे तुम्हीच रंगवा."

"त्यांना नाही म्हटलं, म्हणजे तुम्हाला हो म्हटलं असं नाही," अण्णा म्हणाले.

सरकारी शिपायांचे गणवेश रंगवायचं काम वर्षानुवर्षं आमच्याकडे होतं, ते पुढच्याच आठवड्यात काढून घेतलं गेलं. "तेलही गेलं, तूपही गेलं," आई म्हणाली. या वेळी ताट मात्र आदळलं नाही.

मग एका दुपारी भाऊजी आले. मागून ताई, कमरेवर हात ठेवून सावकाश चालत.

"मामा, त्यांनाही नाही म्हणालात?"

"हो."

"मला वाटलं होतं, तुम्ही त्यांना मिळालात."

"तिला उन्हात उभी करू नका," अण्णा म्हणाले.

ताईनं पुढे होऊन त्यांचा ओला हात धरला. तिची बाही डागाळली. चीवराचा रंग दुसऱ्या कापडाला लागला, तो तेवढाच.