हँडब्रेक हे दोघांचं काम

आमची गाडी कधी गॅरेजला गेली नाही. माझे यजमान अंबडच्या एका कारखान्यात फिटर होते. ज्याच्या हातात पाना आहे त्यानं दुसऱ्याच्या दारात गाडी नेऊन उभी करायची, ही कल्पनाच त्यांना सोसत नसे. "मग दाढसुद्धा घरीच उपटा," असं मी म्हणायची. त्यावर ते नुसते हसायचे. रागवायचं खातं आमच्या घरात माझ्याकडे होतं.

त्यातून हँडब्रेकवर त्यांचा फार जीव. त्याला कारण आमचं सिडकोतलं रो हाऊस. बांधणाऱ्यानं काय डोकं चालवलं होतं देव जाणे, पोर्च रस्त्यापासून चांगला गुडघाभर उंच आणि खाली उतरायला घसरगुंडी. गाडी उभी राहायची ती पाठ रस्त्याकडे आणि मागची चाकं उतारावर, अशी. हँडब्रेकनं दगा दिला की गाडी सरळ समोरच्यांच्या फाटकात. म्हणून दसऱ्याला गाडी धुवायच्या आधी आणि अधूनमधून मनाला येईल तेव्हा ते हँडब्रेक लावायला, म्हणजे त्याच्या केबलचा ताण नीट करायला, काढत.

"हे एकट्याचं काम नाही," असं म्हणून मला हाक मारत. हमखास कुकर लावायच्या वेळेला. गाडी खाली सपाट रस्त्यावर घ्यायची, पुढच्या चाकांना विटा लावायच्या, मागचं चाक जॅकवर उचलायचं. दोन सीटांच्या मधलं झाकण काढलं की हँडब्रेकच्या दांड्याच्या बुडाशी एक नट असतो, तो दहाच्या पान्यानं किंचित आवळायचा. मग ते बाहेर चाकाशी उकिडवे बसणार आणि मी आत ड्रायव्हरच्या सीटवर, पदर खोचून. "ओढ!" म्हणाले की मी दांडा ओढायचा. "सोड!" म्हणाले की बटण दाबून खाली सोडायचा. ओढल्यावर चाक जागच्या जागी थांबलं पाहिजे, सोडल्यावर मोकळं फिरलं पाहिजे. ओढताना पाच-सहा वेळा कट् कट् व्हायला हवं. त्याहून जास्त झालं तर सैल, कमी झालं तर घट्ट.

"ओढ!"

"ओढला!"

"सोड!"

"सोडला! आणि तिकडे दूध उतू गेलं! एवढ्या वेळात तुमच्या गाडीचं लग्न लावून झालं असतं."

समोरच्या वहिनी गॅलरीत उभ्या राहून हसायच्या. आमचं भांडण ऐकायला फुकट मिळायचं त्यांना.

ते निवृत्त झाले त्यानंतरची गोष्ट. एका सकाळी गाडी पोर्चमध्ये लावून ते खाली उतरले आणि गाडी हळूच मागं निघाली. कुणाला लागलं नाही, समोरच्यांचं फाटक तेवढं वाकलं. "केबल सैल झाली," म्हणाले आणि मी भाजीला गेले असताना त्यांनी नट आवळून टाकला. पुढच्याच आठवड्यात पुन्हा आवळला. मग पिंपळगाव बसवंतला भाचीच्या साखरपुड्याला गेलो, तर परतीच्या वाटेवर गाडीत काहीतरी जळल्याचा वास. उतरून पाहिलं तर मागची चाकं तापलेली. "जास्त आवळला गेलाय, घासतोय," म्हणाले. मी म्हटलं, "मग सैल करा." तर म्हणे, "सैल केला तर धरत नाही." आता घट्ट आहे म्हणून घासतो आणि सैल आहे म्हणून धरत नाही, हे कुठलं शास्त्र? पण गाडीतलं आपल्याला काय कळतं!

शेवटी नवी केबल आणायला आम्ही द्वारका चौकातल्या दुकानात गेलो. स्पेअर पार्टवाल्या चाचांनी आमची जुनी केबल हातात घेऊन ताणून बघितली. "साहब, इसको क्या हुआ? अच्छी तो है." यांनी नवीच घेतली.

ती बसवून झाली आणि मला हाक आली. मी हात पुसत गाडीत जाऊन बसले.

"ओढ!"

एकदा कट् झालं आणि दांडा अडला.

"ओढला!"

"पूर्ण ओढ. सैल असेल अजून."

"अहो, कसला सैल? दगड झालाय नुसता!"

चाक तर हलत नव्हतं. तरी त्यांचं आपलं तेच, सैल आहे, सैल आहे. माझं डोकं फिरलं. "या, तुम्हीच बसा आत," म्हणून मी दांडा सोडून शेजारच्या सीटवर सरकले. ते बसले. डावा हात दांड्यावर ठेवला आणि ओढला. बोटांची पेरं पांढरी झाली. दांडा जरासा उचलला आणि खाली बसला. आवाजच झाला नाही.

"बघ. नाही ना धरत?"

खोटं बोलत नव्हते ते. लहान मूल बघतं तसे त्या दांड्याकडे बघत होते. मला काय वाटलं कोण जाणे, मी त्यांच्या हातावर माझा हात ठेवला आणि ओढलं. कट्. सहज वर आला. आणि माझ्या तळव्याखाली त्यांचा हात मला लागला. अंगठा आणि तर्जनीच्या मधे जिथं मांस असतं, तिथं खळगा होता. लोणच्याची बरणी महिनाभर तेच माझ्यापुढं करत होते, "तूच उघड, तुझ्या हाताला जोर आहे," म्हणून. शर्टाचं वरचं बटण उघडंच असायचं. उकडतं म्हणायचे.

ते आमच्या दोन हातांकडे बघत राहिले. मग म्हणाले, "चहा टाक."

मी आत जाऊन चहा टाकला. आम्ही दोघं तो प्यायलो. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. आमच्या घरात ती चार दिवस झाकून होती. मग मीच तोंड उघडलं आणि त्यांना दवाखान्यात घेऊन गेले.

नसांचा आजार होता. स्नायू हळूहळू वाळत जातात. आधी एक हात, मग दुसरा, मग बाकीचं. "औषध?" असं मी विचारलं तेव्हा डॉक्टर टेबलावरचं पेन उघडून पुन्हा बंद करायला लागले. मुंबईला एकदा दाखवून या, म्हणाले.

मुंबईला जायचं ठरलं आणि यांनी किल्ली माझ्यापुढे धरली. "गाडी तू चालव." माझं लायसन ड्रायव्हिंग क्लासचं, फार तर भाजीबाजारापर्यंत गेलेलं. मी म्हटलं, "मी? कसारा घाटात? शुद्धीवर आहात ना?"

"हात गेलाय माझा. डोकं आहे अजून. मी आहे ना शेजारी."

मुंबईच्या डॉक्टरांनी वेगळं काही सांगितलं नाही. परत येताना घाटात कुठेतरी कंटेनर आडवा झाला होता. पाऊस, धुकं, आणि गाड्यांची रांग पार खाली कसाऱ्यापर्यंत. चढावर दोन हात पुढे जायचं आणि थांबायचं. माझ्या मागे एक ट्रक, इतका जवळ की आरशात त्याची नुसती जाळी दिसत होती. ब्रेकवरून पाय काढला की गाडी मागे सरणार, या भीतीनं मी रडायलाच लागले. दवाखान्यात रडू आलं नव्हतं ते सगळं तिथं आलं.

तेव्हा हँडब्रेकवर त्यांचा हात आला. उजवा हात. आता ते डाव्या सीटवर होते, म्हणजे दांडा त्यांच्या उजव्या हाताशी होता, आणि उजवा अजून चांगला होता. त्यांनी ओढला. कट् कट्. गाडी जागच्या जागी थांबली.

"पाय तुझे, हात माझा," म्हणाले. "तू सांग, मी ओढतो. क्लच सोडत आण, गाडीनं जोर धरला की म्हण सोडा."

सगळा घाट आम्ही असा चढलो. "ओढा." "ओढला." "सोडा." "सोडला." इतकी वर्षं ते मला सांगत होते, आता मी त्यांना सांगत होते. इगतपुरीला वडापाव खायला थांबलो तेव्हा ते हसत होते. दवाखान्यातून आलेला माणूस आणि तोंडभर हसतोय! मी म्हटलं, "काय झालं एवढं?" तर म्हणाले, "जमलं की गं."

त्यानंतर मला एकटीला गाडी चालवायला येऊ लागली तरी मी येत नाही असंच वागले. हायवेखालच्या बोगद्याशी, पुलाच्या चढावर, आमच्या पोर्चच्या उतारावर, जिथं तिथं "हं, ओढा." ते तयारच असायचे. सिग्नल दिसला की त्यांचा हात आधीच दांड्यावर. घरात त्यांना घास भरवायची वेळ आली होती, पण गाडीत बसले की ते पुन्हा फिटर असायचे. त्या हातातली ताकद जसजशी उतरत गेली तसतसे ते मला सांगायचे, "नट थोडा आवळून घे," आणि मी घ्यायची. थोडा ओढला तरी धरला पाहिजे एवढा घट्ट. चाकं घासायची, पेट्रोल जास्त जायचं. जाऊ दे गेलं तर! त्या एका कट् आवाजावर माणूस सकाळी उठून बसत होता.

मग एका संध्याकाळी इंदिरानगरच्या बोगद्यातून वर येताना रहदारी तुंबली. "ओढा," म्हटलं. "ओढला," म्हणाले. मी पाय काढला आणि गाडी मागे गेली. मागच्या रिक्षाला टेकली. रिक्षावाला तरातरा खिडकीशी आला. "ओ ताई, हँडब्रेक नावाची वस्तू माहितीये का?"

मी तोंड उघडणार तेवढ्यात हेच म्हणाले, "चूक माझी आहे. तिची नाही."

त्यानं यांच्याकडे पाहिलं, मांडीवर उलट्या पडलेल्या हाताकडे पाहिलं, आणि परत गेला. त्यानं दोन शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते म्हणाले, "हँडब्रेक लावून घेऊ." मी त्यांना पोर्चमध्ये खुर्चीत बसवलं, पाठीशी उशी दिली. गाडी खाली रस्त्यावर घेतली, विटा लावल्या, जॅक लावला. बोलणं जड झालं होतं त्यांचं, पण समजायचं. मी आतला नट आवळायला लागले तसे म्हणाले, "आवळू नको. सोड."

"का म्हणून? थोडा अजून आवळते. मग येईल तुम्हाला."

"सैल कर. तुझ्या हाताला लाव."

"मी नाही करणार!" मी रस्त्यावर ओरडले. "माझी गाडी, मी ठेवीन तसा ठेवीन!"

समोरच्या वहिनी गॅलरीत आल्या होत्या, त्या आत निघून गेल्या.

"ऐक जरा," ते म्हणाले. "घासतोय तो. घाटात तापेल. तू एकटी असशील."

इतक्या दिवसांत हे वाक्य आमच्या घरात कुणी बोललं नव्हतं. मला त्यांचा इतका राग आला की पाना फेकून द्यावा. फेकला नाही. नट सोडला. आत बसून ओढायची, मग उतरून चाक फिरवून बघायची, पुन्हा आत. आत मीच आणि बाहेरही मीच, तरी ते वरून आपले सांगतच होते, "ओढ... सोड..." आणि मीही उत्तर देत होते. पाच-सहा वेळा कट् कट् होऊन चाक थांबलं. सोडल्यावर मोकळं फिरलं.

"हाताला बरा लागतोय?"

"लागतोय."

"मग झालं," म्हणाले, आणि डोळे मिटून उन्हात बसले. स्टीअरिंगवर डोकं ठेवून मी मनसोक्त रडून घेतलं. तिथून त्यांना दिसत नव्हतं.

थंडी सरायच्या आत ते गेले.

दिवस-कार्य आटोपलं आणि लेक पुण्याला परत निघाली. तिला बसमध्ये बसवायला मी गाडी काढली. ती शेजारच्या सीटवर होती, पिशवी मांडीवर घेऊन. बोगद्यातून वर चढताना पुढच्या गाड्या थांबल्या. मी ब्रेक दाबला आणि म्हटलं, "हं, ओढा."

"काय ओढू, आई?"

मी तिच्याकडे पाहिलं. तिचा बिचारीचा हात कुठे जावं ते न कळून पिशवीवरच थांबला होता. मागचा हॉर्न वाजवायला लागला.

"काही नाही," म्हटलं आणि मीच ओढला. सहज वर आला. माझ्या हाताला लावला होता त्यांनी.