गच्चीवरचं घर

तुमचा बाबा अमेरिकेला गेला त्या वर्षी वारज्याच्या आपल्या घरातली वरची खोली मी एका मुलीला भाड्याने दिली. हिंजवडीतल्या एका कंपनीसाठी ती नव्या नोकरदारांना दाखवायचे व्हिडिओ बनवायची आणि सुट्टीच्या दिवशी स्वतःचा सिनेमा. त्यात गोष्ट नाही, नट नाहीत, हे ऐकून मी विचारलं, "मग तिकीट कोण काढणार?"

ती हसली. "कोणीच नाही, काकू."

तिचं गाव पूर्व विदर्भातलं. ते धरणाच्या पाण्यात गेलं तेव्हा ती इतकी लहान होती, की घरातलं तिला काहीच आठवत नव्हतं. घराचा एखादा फोटोही नव्हता. कुठली म्हणून कोणी विचारलं, की ती नागपूर सांगून मोकळी व्हायची. आईला विचारावं तर एकच उत्तर, "पाण्यात गेलं, ते गेलं." ते घर तिला एकदा तरी बघायचं होतं.

तिची आई राहायला आली तेव्हा मुलीने गच्चीवर रांगोळीने घराच्या भिंती आखल्या. खऱ्या घराएवढ्या, पण सगळ्या अंदाजाने. मग कॅमेरा हातात घेऊन आईला वर बोलावलं. मीही मागोमाग गेले.

आई कमरेवर हात ठेवून बघत राहिली. "हे कोनाचं घर?"

"आपलं."

"आपलं? अन् चूल अशी? दक्षिणेकडं तोंड करून कोन रांधते वं?"

तिने पदर खोचला, पायानेच ती चूल पुसली आणि रांगोळीचा डबा ओढून घेतला. मग कसली थांबते! पडवी रुंद झाली, न्हाणी मागे गेली, गोठा आला. दाराची चौकट किती ठेंगणी होती, तेही हाताने दाखवून झालं. मी खाली जाऊन चहा केला आणि ट्रे घेऊन सरळ तिच्यापाशी गेले.

"अहो बाई, भिंतीतून काय येता? दारातून या न!"

मी मागे फिरले आणि दारातून आले. वाकूनसुद्धा.

"अन् मी कुठं झोपत होती?" मुलीने विचारलं. माझ्याशी ती असं कधी बोलत नसे.

"इथं. चुलीच्या उबेला, माझ्या पाठीशी."

तिने कॅमेरा जमिनीवर ठेवला आणि तिथे जाऊन आडवी झाली. आई शेजारी बसून सांगत राहिली.

पुढे तो सिनेमा एका लहानशा सभागृहात दाखवला. शेवटी पडद्यावर बराच वेळ नुसती आपली पाण्याची टाकी दिसते, सुट्टीत तुम्ही चढून बसायचात ती, आणि ऐकू येतो आईचा आवाज. माझ्या मागच्या रांगेतले एक गृहस्थ पुटपुटले, "कॅमेरा पडलेला दिसतोय."

मी वळून म्हटलं, "पडलेला नाही, ठेवलाय. ती घरी गेली आहे. आपण जरा गप्प बसा."