खारीज दावा आणि न घेतलेलं नाव

वकिली सुरू करून मला जेमतेम वर्ष झालं होतं. अकोल्याच्या कोर्टात पट्टेवाला व्हरांड्यात येऊन पक्षकाराच्या नावाचा तीनदा पुकारा करी. तिसऱ्यालाही कोणी उभं राहिलं नाही, की दावा गैरहजेरीत खारीज. अकोटकडच्या माझ्या एका शेतकऱ्याचा दावा असाच गेला. शेजाऱ्यानं त्याची गाडीवाट नांगरून टाकली होती. दावा मेला तर स्वतःच्या शेतात गाडी न्यायची सोय उरणार नव्हती. त्या दिवशी मी अमरावतीला दुसऱ्या कामात अडकलो होतो. त्यानं फक्त उभं राहून पुढची तारीख मागायची होती.

दुसऱ्या दिवशी मी दोघा नवराबायकोंवर भडकलो. अर्धी चूक माझी होती, पण वकील आधी पक्षकारावरच ओरडतो.

नवरा म्हणाला, "कोर्टामांगच्या नाल्यावर बैलायले पानी पाजून राह्यलो होतो, वकीलसाहेब. हिले म्हनलं होतं, पुकारा झाला का आवाज दे."

बाई पदर सावरत म्हणाली, "देल्ला ना. नाल्यापावतर पयत गेली. 'अवो, आयकता काय' म्हनलं. सात-आठ जनं पाहाले लागले, हेच नाई पाह्यले."

"नावानं का नाही हाक मारली?"

ती माझ्याकडे बघतच राहिली. "त्यायचं नाव कसं घेऊ मी?"

मूलबाळ नव्हतं, नाहीतर अमक्याचे बाबा म्हणता आलं असतं. माझा राग ओसरला आणि कुतूहल जागं झालं. घरी बायकोला विचारलं, मी विहिरीत पडलो तर कोणत्या नावानं बोंब मारशील? "आधी पडा तर, मग पाहू," ती म्हणाली.

खारीज दावा पुन्हा नंबरावर, म्हणजे सुनावणीला, घ्यायला सबळ कारण लागतं. बायको नवऱ्याचं नाव घेत नाही, हेच कारण मी अर्जात लिहिलं. सोबतचे वकील पोट धरून हसले. बाईला मात्र मी बजावलं, कोर्टात नवऱ्याचं नाव विचारतील, तिथं घ्यायला हरकत नाही. तिनं मान हलवली.

ती साक्षीच्या पिंजऱ्यात उभी राहिली. कारकुनानं विचारलं, "नवऱ्याचं नाव?" ती गप्प. मी खुणा केल्या, नवऱ्यानं दारातून केल्या. ती तरीही गप्प.

समोरचे वकील उठले. "लग्नात उखाण्यात घेतलं असेल की, बाई?"

"घेतलं ना. थे उखान्यात असते, साहेब. हाका माराले नसते."

न्यायाधीशांनी चष्मा काढला. त्यांनाही ही गंमत बघायची होती, हे मला स्पष्ट दिसत होतं. "नाव सांगितलं नाही तर साक्ष होणार नाही. वाट जाईल. तरी नाही?"

तिचे ओठ हलले. आवाज फुटला नाही, डोळ्यांत पाणी तेवढं आलं. मला तिची दया आली आणि रागही आला.

न्यायाधीश समोरच्या वकिलांना म्हणाले, "शेताची वाट चालली तरी तोंडातून नाव निघत नाही. नाल्यावर कुठून निघणार?" आणि दावा नंबरावर घेतल्याचा हुकूम लिहायला त्यांनी टाक उचलला.

मी खाली बसलो. तिनं माझं ऐकलं असतं, तर अर्ज तिथंच फेटाळला गेला असता.